आधी रेघ, मग फौजा

युरोपचे दोन तुकडे कुठे झाले, असे विचारले तर बहुतेक जण याल्टाचे नाव घेतात. फेब्रुवारी 1945, काळ्या समुद्राकाठचा राजवाडा, आणि रूझवेल्ट, चर्चिल, स्टालिन शेजारीशेजारी बसलेले ते छायाचित्र. पण पुढे ज्या रेघेवर पंचेचाळीस वर्षे रणगाडे समोरासमोर उभे राहिले, ती रेघ तिथे आखली गेली नव्हती. ती वर्षभर आधीच लंडनमध्ये आखून झाली होती. आणि त्या वेळी युद्ध कुठवर आले होते, हे पाहिले की थक्क व्हायला होते.

जानेवारी 1944. लेनिनग्राडचा वेढा नुकता उठत होता. ब्रिटिश आणि अमेरिकी फौजा इटलीत मॉन्टे कॅसिनोच्या पायथ्याशी अडकल्या होत्या. नॉर्मंडीत उतरायला अजून जवळपास पाच महिने होते. जर्मन भूमीवर दोस्त राष्ट्रांचा एकही शिपाई पोचलेला नव्हता. अशा वेळी लंडनमधल्या एका तीन-राष्ट्री आयोगापुढे ब्रिटिशांनी नकाशा ठेवला: जर्मनी हरल्यावर कोणाच्या फौजेने कुठे राहायचे. ही योजना तयार करणाऱ्या समितीचे अध्यक्ष होते क्लेमंट ॲटली, म्हणजे भारत स्वतंत्र झाला तेव्हाचे ब्रिटनचे पंतप्रधान. त्यांची रेघ ल्यूबेकजवळ बाल्टिक समुद्रापाशी सुरू होऊन चेकोस्लोव्हाकियाच्या सीमेपर्यंत उतरत होती, बहुतेक ठिकाणी जुन्या जर्मन प्रांतांच्या हद्दी धरून. 1937 च्या जर्मनीचा सुमारे 40 टक्के भूभाग आणि 36 टक्के लोक सोव्हिएत विभागात येत होते. बर्लिनही त्याच विभागाच्या पोटात, मात्र ते शहर सगळ्यांनी मिळून सांभाळायचे.

18 फेब्रुवारीला मॉस्कोने ही रेघ मान्य केली. वाद झाला तो ब्रिटन आणि अमेरिकेत: वायव्य जर्मनी कोणी घ्यायचा आणि दक्षिण कोणी. तो मिटायला सप्टेंबर उजाडला.

ब्रिटिशांच्या घाईमागे भीती होती. आपण समुद्र ओलांडण्याआधीच लाल सेना जर्मनीभर पसरली तर? निदान कागदावर तरी आपला वाटा पक्का असावा. प्रत्यक्षात घडले उलटेच. 1945 च्या वसंतात अमेरिकी फौजा रेघ ओलांडून काही ठिकाणी जवळपास दोनशे किलोमीटर पुढे गेल्या. लाइप्झिग, वायमार, येना त्यांच्या हाती आले. माघार घेऊ नका, असे चर्चिल अमेरिकेचे नवे अध्यक्ष ट्रुमन यांना विनवत राहिले. पण जुलैच्या सुरुवातीला अमेरिकी फौजा मुकाट्याने मागे फिरल्या, आणि बदल्यात बर्लिनमधला आपला विभाग त्यांना ताब्यात मिळाला. जाताना त्यांनी येनाच्या झाइस कारखान्यातले निवडक तज्ज्ञ सोबत नेले. त्यामुळे झाइस नावाच्या दोन कंपन्या झाल्या, एक पूर्वेला, एक पश्चिमेला.

मला सगळ्यात विलक्षण वाटते ते हे की, आखणाऱ्यांपैकी कोणीही दोन देश निर्माण करायला बसले नव्हते. फौजांच्या मुक्कामाची ती तात्पुरती व्यवस्था होती. पण एकत्र कारभार कसा करायचा यावर चौघांचे (फ्रान्स मागाहून आला) कधीच जमले नाही, आणि तात्पुरती व्यवस्थाच 1949 मध्ये सरहद्द होऊन बसली.

या सरहद्दीने काय केले ते मोडलारॉइट गावात दिसते. बव्हेरिया आणि थुरिंगिया यांच्या हद्दीवरचे, जेमतेम पन्नास वस्तीचे हे खेडे. मधून टानबाख नावाचा, सहज ओलांडता येईल एवढा ओढा वाहतो. शतकानुशतके ती हद्दच होती, आणि तिने कोणाचे काही अडवले नव्हते. मुले ओढा ओलांडून शाळेत जात. रेघ नेमकी त्याच ओढ्यावरून गेली. 1952 मध्ये लाकडी कुंपण आले, 1966 मध्ये सातशे मीटर लांबीची काँक्रीटची भिंत. पश्चिमेकडच्यांना हात हलवून अभिवादन करायलाही पूर्वेकडच्यांना बंदी होती. समोरच्या अंगणातल्या माणसाला साधी ओळखही देऊ नये, हे क्रौर्य रणगाड्यांहून मला जास्त झोंबते.

बर्लिनची कथा वेगळी. रेघेपासून शहर दीडशेहून अधिक किलोमीटर आत. तिथवर जाणारे रस्ते आणि रेल्वे वापरायची तोंडी बोलणी 1945 च्या जूनमध्ये झाली, पण रीतसर लेखी करार झाला नाही. विमानांचे मात्र टकरी टाळण्यासाठी लेखी ठरले: हॅम्बुर्ग, हॅनोव्हर आणि फ्रँकफुर्टच्या दिशेने तीन हवाई पट्टे, प्रत्येकी 32 किलोमीटर रुंद. जून 1948 मध्ये स्टालिनने रस्ते, रेल्वे आणि कालवे बंद केले. आकाश बंद करायचे तर लेखी करार मोडून विमाने पाडावी लागली असती. सप्टेंबर 1949 पर्यंत त्या पट्ट्यांतून सुमारे पावणेतीन लाख उड्डाणे झाली आणि 23 लाख टन माल उतरला, त्यात दोन तृतीयांश कोळसा. वीस लाखांवर माणसांचे शहर थंडीत कोळशाच्या पोत्यांवर जगले, आणि ती पोती आकाशातून आली!

या पट्ट्यांची देखरेख करणारे हवाई सुरक्षा केंद्र पश्चिम बर्लिनमध्ये, अमेरिकी विभागातल्या जुन्या न्यायालयाच्या इमारतीत होते. तिथे अमेरिकी, ब्रिटिश, फ्रेंच आणि सोव्हिएत अधिकारी एकाच खोलीत बसून उड्डाणांची माहिती एकमेकांना देत. मार्च 1948 मध्ये सोव्हिएत प्रतिनिधी त्याच इमारतीतल्या चार राष्ट्रांच्या नियंत्रण मंडळातून उठून गेले, पण या खोलीतून उठले नाहीत. नाकेबंदीत नाहीत, 1961 मध्ये बर्लिनची भिंत उभी राहिली तेव्हाही नाहीत. बाहेर दोन्ही बाजूंची अण्वस्त्रे रोखलेली, आणि आत पाळी बदलली की दुसरा सोव्हिएत अधिकारी येऊन त्याच टेबलाशी बसे.

या पट्ट्यांतून फक्त विजेत्या राष्ट्रांच्या विमान कंपन्यांना उडायची मुभा होती: पॅन अमेरिकन, ब्रिटिश, फ्रेंच. जर्मनीच्या स्वतःच्या लुफ्थान्साला पश्चिम बर्लिनच्या टेगेल विमानतळावर नियमित सेवा सुरू करता आली ती ऑक्टोबर 1990 मध्ये, देश पुन्हा एक झाल्यावर. हवाई सुरक्षा केंद्र त्यानंतरही चालू होते. त्याचे काम 31 डिसेंबर 1990 ला थांबले.