पाण्यावरची पाणबुडी

एका शाळेत पाणबुडीविषयी बोलत असताना नववीतल्या एका मुलीने विचारले, "नेताजी बोस जर्मनीहून पाणबुडीने निघाले, मग इतके दिवस ते पाण्याखालीच होते का? श्वासाला हवा कुठून आणली?" आम्ही तोंड उघडण्याआधीच मागच्या बाकावरून उत्तर आले, "सिलिंडर असतात ना!"

प्रश्न फार चांगला आहे आणि ते उत्तर चुकीचे आहे. नेताजी आणि आबिद हसन फेब्रुवारी १९४३ मध्ये कील बंदरातून 'यू-१८०' या जर्मन पाणबुडीने निघाले. एप्रिलच्या अखेरीस मादागास्करजवळच्या समुद्रात ते जपानी पाणबुडीत चढले. हा प्रवास आठ हजारांहून अधिक सागरी मैलांचा होता. (एक सागरी मैल म्हणजे १.८५ किलोमीटर.) त्यातला फार मोठा भाग बोटीने पाण्याखालून नव्हे, तर चारचौघा जहाजांसारखा पाण्यावरून कापला!

'पाणबुडी' हा शब्दच आपली दिशाभूल करतो. गावच्या तळ्यातली टिबुकली पाहा. ती राहते पाण्यावर, पण चाहूल लागली की बुडी मारते आणि थोड्या वेळाने दुसरीकडे वर येते. दुसऱ्या महायुद्धातली पाणबुडी या टिबुकलीच्या जातीची होती. ती अशी का होती आणि त्याचे पुढे काय झाले, हे आपण त्या काळच्या सर्वात जास्त बांधल्या गेलेल्या जर्मन प्रकारावरून पाहू. तो प्रकार म्हणजे 'टाइप-७ सी'. अशा साडेपाचशेहून अधिक बोटी नौदलात दाखल झाल्या. याच प्रकाराची थोडी सुधारलेली 'यू-९९५' ही बोट १९७२ पासून कीलजवळ लाबो येथे वाळूवर उभी आहे. आम्ही ती आतून पाहिली आहे. लांबी ६७ मीटर, पण माणसांच्या वाट्याला येतो तो जेमतेम पावणेपाच मीटर व्यासाचा नळा, आणि तोही यंत्रांनी भरलेला. त्यात ४५ ते ५० माणसे कित्येक आठवडे राहत. संडास दोन, पण मोहिमेच्या सुरुवातीला त्यातल्या एकात खाण्याचे सामान भरलेले असे.

आता यंत्रांकडे वळू. पाण्यावर चालताना बोटीला दोन डिझेल इंजिने ओढत. त्यांची एकूण ताकद २,८०० अश्वशक्ती. पूर्ण वेगात ही इंजिने ताशी सुमारे अर्धा टन डिझेल जाळत. एक किलो डिझेल जळायला साडेचौदा किलो हवा लागते. म्हणजे तासाला सात टनांवर हवा झाली. घनफळात मोजली तर मिनिटाला साधारण १०० घनमीटर. बोटीच्या आत यंत्रे आणि सामान वगळून ४०० घनमीटर मोकळी हवा आहे असे धरू. झाकणे बंद करून ही इंजिने चालू ठेवली, तर बोटीतली सगळी हवा चार मिनिटांत संपेल. हे गणित विद्यार्थ्यांकडून फळ्यावर करून घ्यावे, सिलिंडरचा प्रश्न आपोआप मिटतो. अडचण माणसांच्या श्वासाची नव्हती, ती इंजिनांच्या श्वासाची होती.

म्हणून पाण्याखाली बॅटरी. मोटारीत असते तीच शिसे आणि गंधकाम्लाची, पण केवढी! १२४ घट, वजन साठ टनांच्या आसपास. प्रत्येक घटाचा दाब दोन व्होल्ट आणि क्षमता सुमारे ९,००० अँपिअर-तास. गुणाकार केला की २,२०० युनिट वीज येते. महिन्याला शंभर युनिट वापरणाऱ्या घराला ही पावणेदोन वर्षे पुरेल. मात्र तेवढेच काम इंजिनाकडून करून घ्यायला डिझेल किती लागते? फक्त अर्धा टन. बोटीच्या टाक्यांत ते ११३ टन असे. साठ टन बॅटरी आणि अर्धा टन तेल यांची बरोबरी होते, यातच या बोटीचे सगळे दैव लिहिलेले होते.

पाण्यावर १० नॉटने, म्हणजे ताशी १० सागरी मैलांनी, ती ८,५०० मैल जाई. पाण्याखाली ४ नॉटने फक्त ८० मैल, म्हणजे वीस तास. हा माणसाच्या चालण्याहून थोडासाच जास्त वेग. घाई केली तर? पाण्यातून वस्तू ढकलायला लागणारी शक्ती साधारणपणे वेगाच्या घनाच्या प्रमाणात वाढते. पाण्याखालचा कमाल वेग ७.६ नॉट, म्हणजे ४ च्या १.९ पट. १.९ चा घन जवळजवळ ७. तेव्हा वीस तासांची वीज तीन तासांतच संपायला हवी. प्रत्यक्षात ती तासा-दीड तासातच संपे, कारण भराभर वीज काढली की शिशाची बॅटरी आपली पूर्ण क्षमता देत नाही. मग वर येऊन डिझेल चालू करायचे आणि कित्येक तास बॅटरी भरत बसायचे. त्यातही धोके होते. भरताना हायड्रोजन सुटतो. बॅटरीत समुद्राचे पाणी शिरलेच, तर क्लोरीन वायू तयार होतो.

बुडी मारण्याचे तंत्र मात्र सफाईदार होते. पाण्यावर बोटीचे वजन ७६९ टन, पाण्याखाली ८७१ टन. बाहेरच्या टाक्यांची वरची तोंडे उघडली की खालून शंभर टन पाणी आत शिरे आणि अर्ध्या मिनिटात बोट दिसेनाशी होई. पण बुडालेल्या बोटीचे वजन तिने बाजूला सारलेल्या पाण्याच्या वजनाशी अगदी बरोबर जुळावे लागते. मिठाच्या पाण्यात अंडे तरंगवण्याचा प्रयोग आपण वर्गात करतोच. जर्मन खलाशांचे शिक्षण बाल्टिक समुद्रात होई, आणि त्याचे पाणी फारच कमी खारट आहे. तिथे नीट जुळवलेली बोट अटलांटिकमध्ये आली की सुमारे १८ टनांनी हलकी ठरे. तेवढे पाणी समतोलाच्या टाक्यांत आणखी घ्यावे लागे. अंड्याची आणखी एक तुलना सांगावीशी वाटते. अंड्याच्या कवचाची जाडी त्याच्या व्यासाच्या साधारण १३० वा भाग असते. पाणबुडीच्या कवचाचे पोलाद १८.५ मिलिमीटर जाड, म्हणजे व्यासाच्या २५० वा भाग. प्रमाणाने पाहिले तर ती अंड्याहूनही पातळ! आतल्या पोलादी कड्यांच्या आधारावर हे कवच २३० मीटर खोलीवर दर चौरस मीटरला २३० टन भार पेलत असे.

आता युद्धाकडे येऊ. व्यापारी जहाजांचे तांडे साधारण ७ ते १० नॉटने चालत. पाण्याखालून त्यांच्याबरोबर राहणेही या बोटीला जमण्यासारखे नव्हते. पाण्यावर मात्र ती १७ नॉटने धावे. म्हणून ती रात्री, पाण्यावरूनच हल्ला करी. शिवाय ध्वनीच्या प्रतिध्वनीवरून पाणबुडी शोधणारे ब्रिटिशांचे यंत्र बुडालेल्या बोटीसाठी होते. पृष्ठभागावरची बोट त्याला नीट सापडत नसे, आणि अंधारात तिचा ठेंगणा आकार डोळ्यांनाही दिसत नसे. १७ सप्टेंबर १९४० च्या रात्री याच घराण्यातल्या 'यू-४८' या बोटीने 'सिटी ऑफ बनारस' हे जहाज बुडवले. कॅनडाला सुरक्षित जागी पाठवलेली मुले त्यावर होती. मृतांत ७७ मुले आणि शंभरच्या आसपास हिंदी खलाशी होते. ब्रिटिश व्यापारी जहाजांवर अशा हजारो खलाशांनी काम केले. त्यांत आपल्या रत्नागिरीकडचे होते आणि गोव्याचे तारवटीही होते. युद्धाच्या इतिहासात सेनापतींची नावे भरपूर येतात. भट्टीपुढे कोळसा ओढणाऱ्यांची क्वचितच.

रात्रीचे हे पांघरूण काढून घेतले ते भौतिकशास्त्राने. १९४० मध्ये बर्मिंगहॅम विद्यापीठात रँडल आणि बूट यांनी कॅव्हिटी मॅग्नेट्रॉन तयार केला. त्यातून सुमारे १० सेंटिमीटर लांबीच्या जोरदार रेडिओलहरी मिळू लागल्या. लहरींचा झोत अरुंद हवा तर अँटेना लहरीच्या लांबीच्या अनेक पट मोठी लागते. दीड मीटरच्या लहरींसाठी अशी अँटेना विमानात मावणार कशी? दहा सेंटिमीटरच्या लहरींसाठी ती सहज मावते. जर्मन बोटींवरची सूचना देणारी यंत्रे जुन्या, लांब लहरींसाठी होती. या नव्या लहरी त्यांना कळतच नव्हत्या. रात्री बॅटरी भरत उभी असलेली बोट विमान डोक्यावर येईपर्यंत बेसावध असे. त्यातच लांब पल्ल्याची विमाने अटलांटिकच्या मध्यापर्यंत पोचू लागली. मे १९४३ या एका महिन्यात चाळीसहून अधिक बोटी बुडाल्या, आणि २४ मे रोजी नौदलप्रमुख ड्योनित्स यांनी उत्तर अटलांटिकमधून बोटी मागे घेतल्या. पाच दिवसांपूर्वी बुडालेल्या 'यू-९५४' वर त्यांचा धाकटा मुलगा होता. युद्धभरात या बोटींतून गेलेल्या सुमारे चाळीस हजार जर्मन खलाशांपैकी तीस हजारांच्या आसपास परतले नाहीत.

यानंतर जे झाले ती सगळी हवेसाठी धडपड होती. १९४४ मध्ये 'श्नॉर्केल' ही हवा ओढणारी नळी बसवली गेली. मूळ कल्पना डच नौदलाची. नळीचे टोक तेवढे पाण्यावर ठेवून डिझेल चालवता येई. पण लाट आली की टोकाची झडप मिटे, आणि इंजिने बोटीच्या आतली हवा ओढू लागत! आपले चार मिनिटांचे गणित खलाशांच्या कानांना कळे; आतला दाब एकाएकी उतरून कानठळ्या बसत. शेवटी 'टाइप-२१' ही नवी बोट आली. तिची बॅटरी तिप्पट, अंग गुळगुळीत आणि पाण्याखालचा वेग १७ नॉट. शंभराहून अधिक तयार झाल्या, पण युद्ध संपेपर्यंत प्रत्यक्ष मोहिमेवर निघाल्या दोनच. त्यांनी एकही जहाज बुडवले नाही.

पाण्याखालीच राहणारी खरी पाणबुडी अणुभट्टीने दिली, कारण तिला प्राणवायू लागत नाही. अमेरिकेची 'नॉटिलस' जानेवारी १९५५ मध्ये अणुशक्तीवर निघाली. पण जुनी जात संपली नाही. भारतात बांधलेली पहिली पाणबुडी 'शाल्की' मुंबईच्या माझगाव गोदीतून १९९२ मध्ये नौदलात दाखल झाली. तिचा आराखडा कीलच्याच एका गोदीचा. आत डिझेल इंजिने, शिशाच्या बॅटऱ्या, आणि वर हवा ओढणारी नळी.