पेणचे गणपती, खारी जमीन आणि आबांची चोपण पट्टी
— ऊस विकास अधिकारी



आपल्या कार्यक्षेत्रात असे गाव सापडायचे नाही, की ज्या गावचे एखादे बिऱ्हाड कोपरखैरणे, घणसोली नाहीतर तुर्भ्याला नाही. मुंबईचा घाऊक बाजार वाशीला हलला तशी माथाडी कामाला गेलेली आपली माणसे तिकडेच स्थिरावली. लग्नकार्याला, बारशाला, दवाखान्याला आपण नवी मुंबईला जातो, दोन दिवस पाहुण्यांच्या घरी पंख्याखाली बसतो, पोरांबरोबर मॉल बघतो आणि रात्रीच्या गाडीने परत येतो. पुढच्या खेपेला एक दिवस जादा काढा आणि पेणकडे जाऊन या, हे सांगण्यासाठी हा लेख लिहीत आहे.

यंदा गाळप आटोपल्यावर एप्रिलमध्ये आम्ही गेलो. आम्ही म्हणजे मी, आमची सौ., कोपरखैरण्याचे मेव्हणे आणि माझ्या गटातील एक ज्येष्ठ सभासद. त्यांना सगळे आबा म्हणतात, मीही तेच म्हणेन. आबा नातवाच्या जावळासाठी आले होते आणि दोन दिवसांत फ्लॅटमध्ये कंटाळून गेले होते. त्यांची कालव्याखालची दोन एकरांची पट्टी चोपण झालेली आहे. एके काळी त्या पट्टीत एकरी साठ टन ऊस निघत असे, आता वीस टनांची मारामार. चर काढा म्हणून मी चार वर्षे त्यांच्या मागे लागलो आहे आणि चार वर्षे ते मला चहा पाजून वाटेला लावत आहेत. त्यांचे नाव छापणार नाही या अटीवर त्यांनी हे लिहायला परवानगी दिली.

सकाळी साडेसहाला मेव्हण्यांच्या गाडीतून निघालो. लवकर निघावे, कारण पनवेलच्या पुढे ऊन आणि ट्रक दोन्ही वाढत जातात. बेलापूर सोडल्यावर आबांनी विचारले, "एवढ्या इमारती उभ्या राहिल्या, ही जमीन कुणाची होती हो?" प्रश्न रास्त होता. १९७० साली सिडकोची स्थापना झाली आणि ठाणे व तेव्हाच्या कुलाबा जिल्ह्यातील ९५ गावांच्या जमिनी या शहरासाठी घेण्याचे ठरले. वाशी, घणसोली, कोपरखैरणे ही मूळ आगरी-कोळ्यांची गावे. भातशेती, मिठागरे आणि खाडीतली मासेमारी यांवर ती जगत होती. मोबदल्यासाठी दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली मोठा लढा झाला. १६ व १७ जानेवारी १९८४ रोजी उरण तालुक्यात जासईच्या भागात पोलिसांचा गोळीबार होऊन पाच जण हुतात्मा झाले. संपादित जमिनीच्या बदल्यात साडेबारा टक्के विकसित भूखंड द्यायचे, ही योजना त्या लढ्यातून आली. आबा बराच वेळ खिडकीतून बघत राहिले. मग म्हणाले, "आपली पट्टी चोपण का असंना, आपल्या नावावर हाय."

पळस्प्याला गोव्याच्या रस्त्याला लागलो. थोड्याच अंतरावर शिरढोण लागते. वासुदेव बळवंत फडके यांचा जन्म १८४५ साली या गावी झाला. त्यांचे आजोबा समोरच्या कर्नाळ्याचे किल्लेदार होते. किल्ल्याचा अंगठ्यासारखा सुळका रस्त्यावरूनच दिसतो. पायथ्याचे जंगल १९६८ पासून पक्षी अभयारण्य आहे. गाडी बाजूला घेऊन अर्धा तास आत चालून आलो. आपल्या उघड्या माळावरून गेलेल्या माणसाला ती दाट सावलीच निम्मी सहल वाटते. किल्ला चढायचा असेल तर मात्र हिवाळ्यात जावे. एप्रिलच्या उन्हात आमच्या वयाच्या माणसांनी हौस करू नये.

खारपाड्याला पाताळगंगेचा पूल ओलांडला की पेण तालुक्याची हद्द सुरू होते. पेण गावाच्या अलीकडेच हमरापूर, जोहे, कळवे, तांबडशेत ही गावे आहेत. आम्ही हमरापूरच्या फाट्याला वळलो. घराघरांत कारखाना! आपल्याकडे कारखाना म्हटले की चिमणी, गव्हाण आणि वजनकाटा डोळ्यांपुढे येतो. इथे कारखाना म्हणजे पत्र्याची नाहीतर ताडपत्रीची शेड आणि आत जमिनीपासून आढ्यापर्यंत मांडणीवर रचलेले गणपती. रंग न दिलेल्या शेकडो पांढऱ्या मूर्ती एका रांगेत बघितल्या की माणूस आपोआप चपला काढतो. सौ.नी हात जोडले तेव्हा तिथली एक बाई हसून म्हणाली, "ताई, अजून डोळं नाय उघडलं त्यांचं."

डोळ्यांचे काम शेवटी असते. आधी साच्यातून मूर्ती काढायची, सांधे जुळवायचे, हात, सोंड, कान बसवायचे, पॉलिश कागदाने घासून गुळगुळीत करायचे, मग अंगाचा रंग, पीतांबर, दागिने आणि सर्वांत शेवटी डोळ्यांची आखणी. आखणी करणारा हात वेगळा असतो आणि त्याचा मानही वेगळा. या गावांतला पुष्कळसा माल पांढराच, म्हणजे बिनरंगाचा, राज्यभरच्या रंगकाम करणाऱ्यांकडे जातो. परदेशी जाणाऱ्या मूर्ती जहाजाने जायच्या म्हणून उन्हाळ्यातच पेट्यांत बंद होतात. चतुर्थी झाली की थोडी विश्रांती, की पुन्हा पुढच्या वर्षाचे साचे. आपला हंगाम पाच महिन्यांचा, त्यांचा जवळजवळ बारमाही.

मूर्ती दोन तऱ्हांच्या असतात. शाडूची माती गुजरातेतून येते. ती भिजवायची, मळायची, साच्यात हाताने दाबायची आणि सावलीत सुकवायची. घाई केली की तडा जातो. ही मूर्ती वजनाला जड आणि धक्क्याला नाजूक असते, पण पाण्यात सोडली की विरघळून माती होते. दुसरी प्लास्टर ऑफ पॅरिसची. पाण्यात भुकटी कालवली, साच्यात ओतली, बळकटीला काथ्या घातला की मिनिटांत घट्ट. हलकी, टिकाऊ आणि स्वस्त. एक माणूस शाडूची एक मूर्ती करतो तेवढ्या वेळात प्लास्टरच्या कितीतरी निघतात.

आबांनी त्या भुकटीचे पोते उचकटून चिमूटभर हातावर घेतली, बोटांनी चोळली आणि माझ्याकडे बघितले. "साहेब, हे तर तुमचं जिप्सम."

खरे सांगतो, ऊस विकास खात्यात माझी इतकी वर्षे गेली, पण हे आबांच्या आधी माझ्या लक्षात यायला हवे होते. प्लास्टर म्हणजे भाजलेले जिप्समच. जिप्सम साधारण दीडशे अंशांपर्यंत तापवले की त्यातल्या पाण्याचा बराच भाग उडून जातो आणि ही भुकटी उरते. पाणी घातले की ते पाणी परत शोषून ती पुन्हा जिप्सम होते, म्हणून घट्ट बसते. आणि जिप्सम पाण्यात फार थोडे विरघळते, लिटरला दोन-अडीच ग्रॅम. प्लास्टरचा गणपती तळ्यात पडून राहतो तो यामुळेच. तुमच्या शेतात पोते रिकामे करून वर नुसते पसरलेले जिप्सम काम करत नाही, तेही यामुळेच. ते बारीक असावे लागते, मातीत मिसळावे लागते आणि वर भरपूर पाणी द्यावे लागते. मग त्यातला कॅल्शियम मातीच्या कणाला चिकटलेल्या सोडियमला हाकलतो. आता हाकललेला सोडियम पाण्याबरोबर बाहेर जायला वाट हवी. चर नसेल तर तो जाणार कुठे? तिथेच मुक्काम करतो, आणि मग सभासद म्हणतात की जिप्समचा काही उपयोग नाही.

शेडमध्ये उभे राहून मी हे आबांना सांगत होतो आणि मूर्तीवाले मालकही ऐकत होते. ते म्हणाले, "मग आमच्या फुटक्या मूर्ती न्या की तुमच्या शेतात!" तसे मात्र कुणी करू नये. मूर्तीवर तैलरंग आणि चमकीचे रंग असतात, त्यांत काय काय मिसळलेले असते ते पिकाला आणि विहिरीला घातक ठरू शकते. पण यातून एक रस्ता पुण्याच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेने काढलेला आहे. प्लास्टरची मूर्ती अमोनियम बायकार्बोनेटच्या पाण्यात ठेवली की ती विरघळते, तळाला चुनखडीची भुकटी बसते आणि वर राहते ते अमोनियम सल्फेटचे पाणी. अमोनियम सल्फेट हे खत जुन्या सभासदांना चांगले ठाऊक आहे. पुणे महानगरपालिकेने विसर्जनासाठी ही पद्धत वापरलेली आहे.

मालकांच्या डोक्याला मात्र निराळा घोर होता. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने मे २०२० मध्ये प्लास्टरच्या मूर्तींवर बंदी घालणारी नियमावली काढली. पुढची पाच वर्षे दर हंगामाला प्रश्न एकच, यंदा साचे भरायचे की नाही? जून २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने मूर्ती बनवायला आणि विकायला मोकळीक दिली, पण नैसर्गिक पाण्यात त्यांचे विसर्जन करता येणार नाही असे बजावले. जुलैमध्ये सहा फुटांपर्यंतच्या मूर्ती कृत्रिम तलावातच सोडायच्या असे ठरले. नदी स्वच्छ राहिली पाहिजे यात दुमत नाही. पण शाडूकडे वळायचे तर मजुरी वाढते, सुकवायला जागा जास्त लागते, वाहतुकीत मोडतोड होते आणि गिऱ्हाईक तर प्लास्टरच्याच भावात मूर्ती मागते. "माती सगळ्यांना पाहिजे, मातीचा भाव कुणाला नको," असे ते म्हणाले. त्यात माल जातो उधारीवर आणि पैसे येतात चतुर्थीनंतर, काही वेळा दिवाळीनंतर. आबांनी ताबडतोब विचारले, "तुम्हाला चौदा दिवसांचा कायदा नाही का?" उसाच्या बिलाचा चौदा दिवसांचा नियम त्यांना समजावून सांगताना आबा अधूनमधून माझ्याकडे बघत होते. मी मूर्ती बघत राहिलो.

निघताना आबांनी फूटभर उंचीची शाडूची मूर्ती घेतली. घासाघीस केली नाही. घासाघीस न करता आबांनी काही खरेदी केल्याचे माझ्या पाहण्यात हे पहिलेच.

पेण गावात जेवण झाले. पेणचे पोहे आणि पापड नावाजलेले आहेत, सौ.नी दोन्ही घेतले. विनोबाजींचे जन्मगाव गागोदे याच तालुक्यात आहे, पण ते खोपोलीच्या वाटेला, आम्हाला जायचे होते उलट्या दिशेला.

वडखळवरून अलिबागच्या रस्त्याने पोयनाडच्या अंगाला गेलो. इथून पुढची जमीन बघायला प्रत्येक ऊस उत्पादकाने एकदा तरी जावे. दोन्ही बाजूंना सपाट खाचरे, दूरवर मातीचा लांबच लांब बांध आणि बांधापलीकडे खाडी. भरतीचे पाणी या जमिनीपेक्षा उंच चढते. बांध नसेल तर शेते समुद्राची. एप्रिलमध्ये भात नसतो. मोकळ्या खाचरांत मातीवर पांढरा थर फुललेला होता. आबा गाडीतून उतरले, वाकले, चिमूट जिभेवर ठेवली. "आपल्या पट्टीत फुलतंय तसंच."

तसेच दिसते, पण अगदी तेच नव्हे. इथे समुद्राचे मीठ आहे. त्याला जिप्सम लागत नाही, गोडे पाणी आणि निचरा लागतो. कोकणात पावसाळ्यात सुमारे ३००० मिलिमीटर पाऊस पडतो, तो मीठ धुऊन काढतो आणि मग भात येते. पनवेलच्या खारभूमी संशोधन केंद्राने यासाठीच पनवेल-१, पनवेल-२, पनवेल-३ हे खारेपणा सोसणारे भाताचे वाण काढले. बांध फुटून उधाणाचे पाणी आत शिरले, की जमीन पुन्हा पिकावर यायला दोन-तीन पावसाळे जातात.

बांधात उघाडी असते, ती आम्ही एका गावकऱ्यांना विचारून बघितली. पाणी बाहेर काढणारी मोरी आणि तिला खाडीच्या बाजूला उघडणारे झडप. ओहोटीला आतले पाणी झडप ढकलून खाडीत जाते, भरतीला खाडीचे पाणी तेच झडप दाबून बंद करते. ना वीज, ना माणूस. आबा तिथे अर्धा तास बसले. "समुद्र दारात असून ही माणसं पाणी बाहेर काढत्यात," ते म्हणाले. पुढे काही बोलले नाहीत आणि मीही काही बोललो नाही. चार वर्षे मी बोलतोच आहे. आपल्या पट्ट्या समुद्राने नव्हे, कालव्याच्या मोकाट पाण्याने बिघडल्या, आणि आपल्याकडे ते धुवायला कोकणातला पाऊस नाही.

याच भागात चरी गाव आहे. खोतीच्या जाचाविरुद्ध नारायण नागू पाटील यांच्या पुढाकाराने इथल्या कुळांनी १९३३ ते १९३९ अशी सहा वर्षे जमीन कसली नाही. उपाशी राहिले, मिळेल ती मोलमजुरी केली, पण नांगर धरला नाही. डॉ. आंबेडकरांचा त्यांना पाठिंबा होता. १९३९ च्या कूळकायद्यामागे या संपाचा वाटा मोठा आहे. आपल्यातल्या कितीतरी घरांच्या सातबाऱ्याची सुरुवात नंतरच्या कूळकायद्यातून झाली, म्हणून गाडी थांबवून दोन मिनिटे उतरलो.

परतताना रस्त्याच्या कडेला पांढऱ्या कांद्याच्या माळा विकायला होत्या. अलिबागच्या या कांद्याला भौगोलिक मानांकन मिळाले आहे. कच्चा खाल्ला तरी गोडसर लागतो. आम्ही चार माळा घेतल्या. रात्री आठला कोपरखैरण्यात पोहोचलो. सारी वाट आबांनी गणपती मांडीवर धरला होता, कुणाच्या हातात दिला नाही.

गेल्या सोमवारी आबा गट ऑफिसला आले. पट्टीच्या चार कोपऱ्यांतली आणि मधली अशी पाच ठिकाणची माती वेगवेगळ्या पिशव्यांत बांधून आणली होती. नमुने कारखान्याच्या माती परीक्षण प्रयोगशाळेत दिले आहेत. अहवाल आला की जिप्सम किती आणि चर किती खोल ते ठरवू. ज्यांना आपले नमुने द्यायचे असतील त्यांनी ओल्या रानातून, खत टाकल्यावर लगेच किंवा बांधाकडेची माती घेऊ नये आणि पिशवीत गट नंबरची चिठ्ठी घालायला विसरू नये.