पाण्याची पाळी : लेह ते नुब्रा

(तृतीय वर्ष कला, भूगोल)

गेल्या वर्षी जूनच्या पहिल्या आठवड्यात आमच्या भूगोल विभागाची अभ्यास-सहल लडाखला गेली होती. परत आल्यावर सरांनी मला वार्षिकांकासाठी लेख लिहायला फर्मावले आणि वर एक अटही घातली : "निसर्गाचे गोडवे गाऊ नकोस. तिथे काय आहे आणि ते तसे का आहे, तेवढे सांग." तेव्हा बर्फाच्छादित शिखरांच्या उपमा ज्यांना हव्या असतील त्या वाचकांची आधीच क्षमा मागतो. तसेच हेही सांगून टाकतो, की मी माण तालुक्यातला, दुष्काळी भागातला मुलगा आहे. वाळवंट पाहायला इतक्या दूर जायचे म्हटल्यावर घरी आईने मला वेड्यात काढले होते. "आपलं रान काय कमी वैराण आहे का?" हा तिचा प्रश्न सबंध सहलभर माझ्याबरोबर होता.

आम्ही सोळाजण. दिल्लीपर्यंत रेल्वे आणि तेथून विमानाने थेट लेह. तेथे आमच्यासाठी एक टेम्पो-ट्रॅव्हलर ठरवलेली होती. तिचे चालक हेच आमचे वाटाडेही होते. पन्नाशीचे, कमी बोलणारे गृहस्थ. त्यांचे गाव नुब्रा खोऱ्यात. लडाखीत थोरल्या भावाला 'अचो' म्हणतात आणि आदराने पुढे 'ले' जोडतात. म्हणून आम्ही सगळे त्यांना 'अचो-ले' म्हणू लागलो. भेटताच त्यांनी पहिली आज्ञा केली, "आज झोपा, उद्याही झोपा. परवा खिंड."

हे मला मानवले नाही. लेहची उंची सुमारे ३,५०० मीटर. आपल्या महाराष्ट्रातले सर्वोच्च शिखर कळसूबाई १,६४६ मीटर, म्हणजे लेहच्या निम्म्याहूनही कमी. हे पाठ करून मी गेलो होतो. पण पाठ असणे वेगळे आणि फुप्फुसांना कळणे वेगळे. शिवाय गडकोट धावत चढणारा म्हणून माझी वर्गात थोडी ख्याती. पहिल्याच संध्याकाळी दोन मित्रांना घेऊन मी शांतिस्तूपाच्या पायऱ्या पळत चढलो. त्या पाचशेच्या आसपास आहेत. वर पोचलो, फोटो काढला, आणि रात्री डोके असे फुटू लागले की भिंतीवर आपटावेसे वाटले. उलट्या झाल्या. पहाटेपर्यंत सर उशाशी बसून होते.

या प्रकाराची कारणमीमांसा साधी आहे. उंचीवर हवेतले प्राणवायूचे प्रमाण तेच राहते, पण हवेचा दाब कमी होतो. त्यामुळे एका श्वासात मिळणारा प्राणवायू घटतो. शरीर श्वास वाढवून आणि हळूहळू रक्तात फेरफार करून याची भरपाई करते, पण त्याला दिवस लागतात. माणूस किती धट्टाकट्टा आहे याच्याशी या त्रासाचा फारसा संबंध नसतो. उलट धट्टाकट्टा माणूस घाई करतो आणि आधी सापडतो. दुर्लक्ष केले तर फुप्फुसांत किंवा मेंदूत पाणी साचते आणि माणूस दगावतो. अचो-लेंनी सकाळी माझ्याकडे पाहिले आणि सरांना सांगितले, की हा बरा झाल्याखेरीज गाडी खिंडीकडे निघणार नाही. एक अख्खा दिवस वाया गेला, आणि त्यापायी पँगाँग सरोवर कार्यक्रमातून गळले. '३ इडियट्स' या २००९ च्या चित्रपटापासून त्या सरोवराचे वेड सगळ्यांना आहे. पुढे दोन दिवस माझ्याशी नीट बोलणारे फक्त सर आणि अचो-ले हे दोघेच होते.

चौथ्या दिवशी निघालो. लेहपासून खार्दुंग-ला सुमारे ४० किलोमीटर. 'ला' म्हणजे खिंड. दक्षिण पुल्लूच्या चौकीपर्यंत रस्ता बरा, पुढे बर्फाचे पाणी रस्त्यावरून वाहते आणि डांबर टिकत नाही. हा रस्ता १९७६ मध्ये बांधला गेला आणि १९८८ मध्ये सर्वसामान्य वाहनांना खुला झाला. त्याची डागडुजी वर्षभर चालूच असते. दगड फोडणारे, तोंडाला फडकी बांधलेले मजूर झारखंडातून आलेले होते. समुद्रसपाटीजवळच्या माणसाने त्या उंचीवर हातोडा चालवायचा म्हणजे काय, हे तीन दिवसांपूर्वी पाचशे पायऱ्यांनी मला शिकवले होते. गाडीतून त्यांच्याकडे पाहताना लाज वाटली.

खिंडीत पाटीवर वर्षानुवर्षे १८,३८० फूट असा आकडा मिरवला गेला आणि जगातला सर्वांत उंच मोटाररस्ता म्हणून तिची कीर्ती झाली. अलीकडच्या मोजणीनुसार ती १७,५८२ फूट आहे. शिवाय लडाखमध्येच उमलिंग-ला येथे १९,०२४ फुटांवरून जाणारा रस्ता २०२१ मध्ये विक्रमाच्या नोंदीत गेला. आम्ही हे सांगू लागताच अचो-ले म्हणाले, "आकडा कोणताही घ्या, थांबायचे पंधरा मिनिटेच." तेथे हवेचा दाब समुद्रसपाटीच्या निम्म्याच्या जवळपास असतो. मी गाडीतून उतरलोच नाही.

आता मुख्य विषयाकडे वळतो. पलीकडे उतरू लागले की डोंगरांवर झाड सोडा, गवताची काडीही दिसत नाही. भुरे, जांभळे, गंजलेल्या लोखंडाच्या रंगाचे उघडे डोंगर. डोंगरमाथ्यावर बर्फ आणि पायथ्याशी वाळवंट, हे कसे? लेहला वर्षाकाठी जेमतेम १०० मिलिमीटरच्या आसपास पाऊस-बर्फ पडतो. महाबळेश्वरला जुलैत एका दिवसात तेवढा पडून जातो. बाष्पाने भरलेले वारे डोंगराला अडले की वर चढतात, थंड होतात आणि अलीकडेच रिते होतात. पलीकडे उतरताना ते तापतात आणि कोरडे होतात. या पलीकडच्या प्रदेशाला आपण पर्जन्यछायेचा प्रदेश म्हणतो. हिमालयाच्या मुख्य रांगेने लडाखचे हेच केले आहे. जे काही बर्फ मिळते त्यातले बरेचसे हिवाळ्यात पश्चिमेकडून येणाऱ्या वाऱ्यांमुळे. आणि सह्याद्रीने माणचे हेच केले आहे! महाबळेश्वरला वर्षाला पाच हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस. तेथून शे-सव्वाशे किलोमीटरवर आमच्या दहिवडीकडे पाचशेच्या आसपास. वर्गात हा धडा मी तीनदा लिहिला असेन. पण आपण आणि हे लोक एकाच सावलीचे रहिवासी आहोत, हे तेथे खिडकीशी बसल्यावर प्रथम जाणवले.

ज्या भूमीवर पाऊस नाही, तेथे घरेही तशीच. मातीच्या विटा आणि सपाट मातीची धाबी. म्हणूनच २०१० च्या ऑगस्टमध्ये, ५ तारखेच्या रात्री लेहवर ढगफुटी झाली तेव्हा अनर्थ ओढवला. उघड्या उतारांवरची माती धरून ठेवायला मुळेच नव्हती. पाण्याबरोबर चिखल-दगडांचे लोंढे आले आणि दोनशेहून अधिक माणसे गेली.

खार्दुंग गाव, मग खालसर, आणि मग श्योक नदीचे रुंद पात्र. सियाचीन हिमनदीतून निघालेली नुब्रा नदी हिला मिळते आणि श्योक पुढे सिंधूला. दिस्कित येथे चौदाव्या शतकातला मठ आहे आणि त्याच्या खालच्या टेकडीवर २०१० मध्ये खुली झालेली ३२ मीटर उंचीची मैत्रेय बुद्धाची मूर्ती. आम्ही घाईने पाहिली. कारण सगळ्यांना हुंदरचे उंट गाठायचे होते.

हुंदरच्या वाळूच्या टेकड्या राजस्थानइतक्या अफाट नाहीत. नदी बर्फाच्या पाण्याबरोबर बारीक गाळ आणते. पाणी ओसरले की तो उघडा पडतो. खोऱ्यातून वाहणारा जोरकस वारा तो उचलून आडोशाला रचतो. पाऊस नसल्याने त्यावर गवत धरत नाही. एवढाच वाळूचा इतिहास. उंटांचा इतिहास अधिक रंजक. हे दोन मदारींचे, मध्य आशियातले. लेहहून काराकोरम खिंडीतून यारकंदला तांडे जात. इकडून कापड, मसाले, नीळ आणि तिकडून रेशीम, गालिचे, चरस. १९५० च्या आगेमागे हा व्यापार बंद पडला, तांडे थांबले आणि काही उंट इकडेच राहिले. त्यांची पिले आज पर्यटकांना पाठीवर घेऊन टेकडीभोवती फेरी मारतात. जूनमध्ये त्यांची लोकर गळत असते, त्यामुळे ते जुन्या गादीसारखे दिसत होते. मी बसलो नाही. मित्रांना वाटले मी पँगाँगच्या अपराधाचे प्रायश्चित्त घेतो आहे. खरे तर खिशात पैसे नव्हते.

ते उंटांवर असताना अचो-ले मला त्यांच्या शेताकडे घेऊन गेले. वाळूपासून दहा मिनिटांच्या वाटेवर वीत-दीड वीत हिरवा जव उभा होता! कडेने जर्दाळू, वाळुंज आणि पॉप्लरची झाडे. वरून, डोंगराच्या घळीतून, दगडांनी बांधलेला एक पाट येत होता. त्याला ते 'युरा' म्हणतात. जागोजागी त्याला फुटवे, आणि प्रत्येक फुटव्याच्या तोंडाशी दगड आणि गवताच्या मुळ्यांसकट खणलेली माती लावून केलेला बांध. मी लहानपणापासून दारे धरलेला माणूस. मला काही समजावून सांगावे लागले नाही. एकच प्रश्न होता, तो मी विचारला : "हे दार उघडायचे कोणी?"

"चुर्पोनने," ते म्हणाले. 'चू' म्हणजे पाणी. चुर्पोन म्हणजे पाण्याचा कारभारी. गाव दर हंगामाला त्याला नेमते. कोठे निवडून, कोठे घरांच्या क्रमाने. कोणाला केव्हा आणि किती वेळ पाणी, हे तो ठरवतो आणि दार तोच उघडतो-लावतो. ज्याचे शेत, त्याने बांधाला हात लावायचा नाही.

येथे घरची गोष्ट सांगणे भाग आहे. आमची आणि तात्यांची, म्हणजे माझ्या चुलत्यांची, विहीर सामाईक. आठवड्याने पाळी बदलायची. चार वर्षांपूर्वी उन्हाळ्यात आमच्या पाळीत तात्यांनी रात्री मोटार चालू केली, असे वडिलांचे म्हणणे. पाळी त्यांचीच होती, असे तात्यांचे. त्या दिवसापासून दोघे भाऊ बोलत नाहीत. दोघांनी वेगवेगळ्या बोअर मारल्या, दोन्ही कोरड्या गेल्या, कर्ज मात्र दोन्ही घरांवर आहे. विहीर मध्ये तशीच आहे.

मी अचो-लेंना हे सगळे सांगितले. का, ते मलाही कळले नाही. ते बराच वेळ पाटाकडे पाहत राहिले. म्हणाले, भांडणे आमच्याकडेही होतात. रात्री पाणी चोरणारा कोठे नाही? पण तक्रार चुर्पोनकडे जाते, भावाच्या दारात जात नाही. आणि पुढच्या वर्षी पाळी फिरून चोरणारावरही चुर्पोन होण्याची वेळ येते. तेव्हा फार ताणून चालत नाही.

मला हे फार आवडले आणि मी वहीत लिहू लागलो, तसे त्यांनी थांबवले. "सगळे छान छान लिहू नका." तरुण मुले लेहला हॉटेलांत आणि गाड्यांवर गेली आहेत; काही गावांत आता चुर्पोन व्हायला माणूस मिळत नाही. लेहमध्ये हॉटेलवाल्यांनी जमिनीत बोअर घेतल्या आहेत. पूर्वीचे कोरडे शौचकूप, ज्यांचे खत शेतात जाई, ते सोडून पाहुण्यांसाठी पाण्याचे केले आहेत. "तुम्ही लोक रोज आंघोळ करता ना?" त्यांनी अगदी सहज विचारले. लेहच्या मुक्कामात आम्ही सोळाजणांनी किती बादल्या ओतल्या, त्याचा हिशेब मी मनात करून पाहिला आणि सोडून दिला.

त्यांच्या मते तेथली खरी अडचण पाणी किती यापेक्षा पाणी केव्हा, ही आहे. पेरणी एप्रिल-मेमध्ये, उंचावरच्या हिमनद्या जोमाने वितळतात जूनच्या मध्यानंतर. मधले दिवस जीव टांगणीला. यावर लडाखचेच अभियंते चेवांग नोर्फेल यांनी १९८७ पासून उपाय केला. हिवाळ्यात फुकट वाहून जाणारे पाणी गावाच्या वर, सावलीच्या बाजूला दगडी बांधांमागे पसरवून गोठवायचे. ते वसंतात नेमके पेरणीला वितळते. त्यांना २०१५ मध्ये पद्मश्री मिळाली. सोनम वांगचुक यांनी २०१३-१४ च्या हिवाळ्यापासून हेच पाणी नळाने उंच उडवून शंकूच्या आकारात गोठवून पाहिले. शंकूचा पृष्ठभाग त्यातल्या बर्फाच्या मानाने कमी, म्हणून उन्हात तो अधिक टिकतो. आमच्याकडे पावसाळ्यात चार दिवस ओढा वाहतो आणि मग आठ महिने टँकरची वाट. तेथे बर्फ गोठवता येणार नाही हे उघड आहे. पण पाणी वाहून जाताना पाहत बसणे आमचे आणि त्यांचे सारखेच होते.

रात्री अचो-लेंच्या घरीच जेवलो. लोणी-मीठ घातलेला गुरगुर चहा आमच्यातल्या बहुतेकांनी डोळे मिटून प्यायला. दुसऱ्या दिवशी त्याच खिंडीतून परत. या खेपेस मी उतरलो, पंधरा मिनिटे हळूहळू चाललो, आणि डोके शाबूत राहिले.

गावी आलो तेव्हा जूनचा मध्य उलटून गेला होता आणि आमच्याकडे अजून पाऊस नव्हता. वडिलांना मोबाइलवरचे फोटो दाखवले. उंट पाहून ते हसले, पाट पाहून गप्प झाले. दोन दिवसांनी मी तोच फोटो घेऊन तात्यांच्या ओट्यावर गेलो. त्यांनी फोटो मोठा करायला लावला, बांधाच्या दगडावर बोट ठेवले आणि विचारले, "ह्यो धोंडा काढतं कोण?"

मी सांगायला बसलो. काकूंनी चहा टाकला.