के. नारायण काळे : पडद्यामागचा विचारवंत

केशव नारायण काळे (1904–1974) हे पटकथाकार, नट, दिग्दर्शक आणि नाट्यसमीक्षक होते. ‘प्रभात’चे चित्रपट आजही आवडीने पाहिले जातात, पण त्यांतील दोन गाजलेल्या चित्रपटांच्या लेखनामागे काळे होते, हे फारसे कुणाच्या ध्यानात नसते.

काळ्यांची जडणघडण रंगभूमीच्या चळवळीत झाली. 1930 च्या सुमारास संगीत नाटकाला ओहोटी लागली होती आणि बोलपटामुळे नाटकगृहे ओस पडू लागली होती. अशा वेळी काळे, पार्श्वनाथ आळतेकर, अनंत काणेकर, श्री. वि. वर्तक, केशवराव भोळे आदी मंडळींनी ‘नाट्यमन्वंतर’ ही संस्था काढली. तिचे ‘आंधळ्यांची शाळा’ हे पहिले नाटक 1 जुलै 1933 रोजी मुंबईत रंगमंचावर आले. नॉर्वेचे नाटककार ब्यर्नसन यांच्या नाटकावरून वर्तकांनी ते रचले होते. ज्योत्स्ना भोळे आणि पद्मावती वर्तक यांनी त्यात भूमिका केल्या. स्त्रीपार्ट पुरुषांनी करण्याची रूढी संस्थेने मोडली. गाणी मोजकी ठेवली गेली आणि रंगवलेल्या पडद्यांऐवजी घराच्या दिवाणखान्याचे नेपथ्य उभे राहिले.

त्याच वर्षी ‘प्रभात फिल्म कंपनी’ कोल्हापूरहून पुण्यात आली. व्ही. शांताराम यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘धर्मात्मा’ (1935) या चित्रपटाचे लेखन काळ्यांनी केले. यात मोठा योगायोग आहे. काळे ज्या चळवळीतून आले, तिने स्त्रीपार्टाला रजा दिली होती. आणि त्यांनी लिहिलेल्या चित्रपटात स्त्रीपार्टांचे सम्राट बालगंधर्व संत एकनाथांच्या, म्हणजे पुरुषाच्या भूमिकेत उभे राहिले. एकनाथांना विरोध करणाऱ्या महंताची भूमिका स्वतः काळ्यांनी केली. श्राद्धाचे अन्न अस्पृश्यांना वाढणारे आणि त्यांच्या घरी जेवायला जाणारे एकनाथ एका बाजूला, त्यांना वाळीत टाकणारा महंत दुसऱ्या बाजूला, असा हा सामना आहे. चित्रपटाचे मूळ नाव ‘महात्मा’ होते. त्यात गांधीजींचा संदर्भ उघड दिसत असल्याने सेन्सॉरपायी ते बदलावे लागले.

‘अमरज्योती’ची (1936) कथाही काळ्यांची. कायद्याने आपल्या मुलावरचा हक्क नाकारल्यामुळे सौदामिनी बंड करते आणि समुद्रावर चाच्यांची राणी बनते. दुर्गा खोटे यांनी ही भूमिका केली. न्यायमंत्री दुर्जय झाले चंद्रमोहन. हा चित्रपट व्हेनिसच्या महोत्सवातही दाखवला गेला. मात्र दोन्ही चित्रपटांचे श्रेय लोकांच्या तोंडी राहिले ते शांतारामांच्या नावावर.

पुढे काळे स्वतः दिग्दर्शक झाले. ‘वहाँ’ (1937) या हिंदी चित्रपटात त्यांनी प्राचीन काळातील आर्य आणि मूळ रहिवासी यांचा संघर्ष हाताळला. ‘माझा मुलगा’ (1938) मात्र घरातल्या माणसांचा होता. वर्तमानपत्र चालवणारा ध्येयवादी तरुण आणि जुन्या वळणाचे त्याचे वडील यांच्यातील ओढाताण य. गो. जोशी यांनी लिहिली होती; शाहू मोडक आणि शांता हुबळीकर त्यात प्रमुख भूमिकांत होते. ‘नवयुग’ या चित्रपटसंस्थेसाठी काळ्यांनी ‘लपंडाव’ (1940) दिग्दर्शित केला. वनमाला यांचा हा पहिला चित्रपट. याच वनमालाबाई पुढे ‘श्यामची आई’मध्ये (1953) आईच्या भूमिकेने घराघरांत पोहोचल्या.

‘नाट्यविमर्श’ या पुस्तकातून काळ्यांमधला समीक्षक दिसतो. रशियन नाट्यदिग्दर्शक स्तानिस्लावस्की यांच्या अभिनयविचाराचे त्यांनी केलेले भाषांतर ‘अभिनय साधना’ या नावाने मराठीत आले. भूमिका बाहेरून रंगवायची नाही, ती पात्राच्या हेतूंमधून घडवायची, हे सूत्र त्यामुळे नाटकवाल्यांना मराठीतच अभ्यासता आले. पटकथा, अभिनय आणि दिग्दर्शन ही तिन्ही कामे आतून पाहिलेल्या माणसाने ते मराठीत आणले, हे या पुस्तकाचे वेगळेपण आहे.