आजारपणाची रजा: दुकानातल्या नोकराच्या खात्यात किती?

महाराष्ट्र दुकाने व आस्थापना अधिनियम, 2017 मध्ये आजारपणासाठी वेगळी रजा नाही. दुकान, हॉटेल किंवा खासगी कार्यालयातला कामगार आजारी पडला, की त्याचे दिवस दुसऱ्याच रजांतून भागवावे लागतात.

पहिला आधार नैमित्तिक रजेचा. वर्षाला आठ दिवस, भरपगारी. पण त्या एकदम मिळत नाहीत, दर तिमाहीला खात्यात जमा होतात. म्हणजे फेब्रुवारीत डेंग्यू झाला तर हातात रजा दोनच. वर्षअखेर उरलेल्या रद्द होतात.

दुसरा आधार अर्जित रजेचा. आधीच्या कॅलेंडर वर्षात किमान 240 दिवस काम झाले असेल, तर दर 20 दिवसांच्या कामामागे एक रजा पुढच्या वर्षी मिळते. 280 दिवस भरले तर 14, नेमके 240 भरले तर 12. कामाचे दिवस 239 धरले गेले तर मात्र एकही नाही. हजेरीपत्रकावरच्या एका खाडाखोडीने बारा दिवसांचा पगार जाऊ शकतो, म्हणून कामगाराने हजेरीची स्वतःची नोंद ठेवावी. ही रजा 45 दिवसांपर्यंत साठते. रजा 15 दिवस आधी मागूनही मालकाने नाकारली, तर 45 वरच्या रजेचे पैसे मागता येतात. ताप मात्र पंधरा दिवस आधी कळवून येत नाही.

तिसरा आधार राज्य कामगार विमा योजनेचा, म्हणजे ईएसआयचा. 1 जानेवारी 2017 पासून या योजनेची वेतनमर्यादा महिना 21,000 रुपये आहे. कामगाराच्या वेतनातून 0.75 टक्के कापले जातात, मालक 3.25 टक्के भरतो. एप्रिल ते सप्टेंबर या सहामाहीत किमान 78 दिवसांचे अंशदान भरले गेले, की पुढच्या जानेवारी ते जूनमध्ये आजारपण लाभ मिळतो. ऑक्टोबर ते मार्चच्या अंशदानावर जुलै ते डिसेंबरचा हक्क उभा राहतो. लाभाचा दर सरासरी रोजच्या वेतनाच्या 70 टक्के, आणि लागोपाठच्या दोन लाभकाळांत मिळून कमाल 91 दिवस. रोजची सरासरी 600 रुपये असेल तर दिवसाला 420 रुपये. पहिले दोन दिवस प्रतीक्षेचे, त्यांचे पैसे नाहीत. त्यामुळे दहा दिवसांच्या आजारात आठ दिवसांचे 3,360 रुपये हाती येतात. त्यासाठी ईएसआयच्या डॉक्टरचा दाखला लागतो. ज्या दिवसांची पगारी रजा घेतली, त्या दिवसांचा लाभ मिळत नाही.

नव्या कामगाराची अडचण सर्वांत मोठी. अर्जित रजा पुढच्या वर्षी, ईएसआयचा पहिला लाभकाळ नोकरी लागल्यापासून नऊ महिन्यांनी. तोवर त्याच्याकडे नैमित्तिक रजाच असते. 21,000 च्या वर पगार घेऊन लागलेल्याला तर ईएसआयही नाही. कंपनीने स्वतःहून ‘सिक लीव्ह’ दिली, तरच त्याला आणखी आधार.

इतर नोकऱ्यांत स्थिती बरी आहे. श्रमिक पत्रकार आणि मेडिकल रिप्रेझेंटेटिव्ह यांना दर 18 दिवसांच्या सेवेमागे एक दिवस अर्धपगारी वैद्यकीय रजा मिळते. राज्य सरकारी कर्मचाऱ्याच्या खात्यात वर्षाला 20 दिवस अर्धवेतनी रजा जमा होते. दुकानात दिवसभर उभे राहणाऱ्याला मात्र विश्रांतीसाठी कमावलेली रजा आजारात घालवावी लागते. हा अन्याय आहे. दुकान कायद्यात आजारपणाची स्वतंत्र पगारी रजा यायलाच हवी.