पडद्यामागचा भागीदार : साहेबमामा फत्तेलाल

चांदूर बाजार आणि परिसरात सुतारकाम, रंगकाम, मंडप-डेकोरेशन यांवर चूल पेटणारी घरे पुष्कळ आहेत. सिनेमा म्हटला की या घरांतल्या मुलांना नट दिसतो, फार तर गायक. नट ज्या भिंतीपुढे उभा राहतो ती भिंत एखाद्या सुताराने ठोकलेली आणि पेंटरने रंगवलेली असते, याकडे कुणाचे लक्ष जात नाही. म्हणून आज आम्ही शेख फत्तेलाल यांची हकीकत देत आहोत.

फत्तेलाल यांचा जन्म १८९९ सालचा, कोल्हापूरजवळच्या कागलचा. चित्रपटसृष्टी त्यांना साहेबमामा म्हणे. उस्ताद मिळाले ते बाबुराव पेंटर. त्यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत कामाची वाटणी नव्हती. पडदा रंगवणाऱ्यानेच सेट उभारायचा, कॅमेराही हाताळायचा. रंगवलेल्या पडद्याऐवजी खरेखुरे सेट बांधण्याची चाल बाबुरावांनी पाडली आणि ते काम अंगावर घेणाऱ्यांत फत्तेलाल होते. १९२८ साली विष्णुपंत दामले यांच्या जोडीने त्यांनी ‘कर्ण’ दिग्दर्शित केला.

व्यापारी बंधूंनी खरे लक्ष द्यावे ते पुढच्या वर्षाकडे. १ जून १९२९ रोजी कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी निघाली. मालक पाच : व्ही. शांताराम, दामले, फत्तेलाल, केशवराव धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी. भांडवलाची बाजू कुलकर्णींची. ते सराफ होते. बाकी चौघांनी आणला तो हुनर. म्हणजे हाताच्या कसबाला येथे हिस्सा मिळाला. नुसत्या रोजावर बोळवण झाली नाही. आमच्या मते फत्तेलालांची सर्वांत मोठी कमाई हीच, सिनेमे त्यानंतर.

१९३३ साली कंपनी पुण्यास आली. मालक झाल्यावरही साहेबमामांनी कला विभाग सोडला नाही. ‘अमृतमंथन’, ‘कुंकू’, ‘माणूस’ या चित्रपटांचे कलादिग्दर्शन त्यांचे. १९३६ चा ‘संत तुकाराम’ दामले-फत्तेलाल जोडीने दिग्दर्शित केला. त्यातली साधी घरे आणि अखेरीस आकाशात जाणारे विमान, दोन्ही त्याच विभागाची करामत. मुंबईत तो वर्षाहून अधिक चालला आणि १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला. १९४१ च्या ‘शेजारी’त एक हिंदू व एक मुसलमान म्हातारा मित्र आहेत. त्यातला धरण फुटण्याचा प्रसंग जुने लोक अजून सांगतात. शांताराम १९४२ साली बाहेर पडले, दामले १९४५ साली वारले, आणि पुढे प्रभात बंद पडली. फत्तेलाल १९६४ साली गेले. भागीदारी माणसांवर चालते, कागदावर नव्हे, असे म्हणणारे असतात. आमचे म्हणणे, कागदही हवाच.

आता आपल्याकडचे पाहू. फ्लेक्स आल्यापासून पाट्या रंगवणाऱ्यांचा धंदा बसला. सेटचे काम मात्र हाताशिवाय होत नाही : लाकडी चौकट, प्लाय, प्लास्टर, आणि नव्या भिंतीला शंभर वर्षांची जुनी दाखवणारा रंग. लग्नाचे स्टेज रातोरात उभे करणाऱ्याला यात अवघड वाटावे असे काय आहे? अडचण आहे ती हिशेबाची. मापे, नकाशा, मालाचा अंदाज आणि लेखी करार जमला नाही तर कारागीर ठेकेदाराच्या हाताखालीच राहतो आणि बिल महिनोन्महिने अडकते.

ज्या जागेत प्रभातचा स्टुडिओ होता तेथेच १९६० पासून सरकारी फिल्म इन्स्टिट्यूट आहे. तेथे कलादिग्दर्शनाचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे. त्यासाठी चित्रकला, शिल्पकला, वास्तुकला अशा विषयांतले शिक्षण आधी घ्यावे लागते. तेव्हा मुलाचा हात चांगला असेल तर शाळेत असतानाच एलिमेंटरी आणि इंटरमिजिएट या चित्रकलेच्या सरकारी परीक्षांना बसवावे. अर्ज शाळेतूनच भरले जातात. चित्रकलेच्या शिक्षकांना विचारावे.