सक्तीची व्यसनमुक्ती : श्रम की चिकित्सा?

भल्लातकाचे शोधन करताना हातांना खोबरेल तेल लावावे, हे आपण सर्वजण विद्यार्थिदशेतच शिकलो. त्याच कुळातील काजूच्या टरफलातील तेलही त्वचा भाजून काढते. हे तेल ‘चिकित्सा’ म्हणून रोज हातांवर घेणाऱ्या व्यसनी रुग्णांची हकिगत आमच्या वाचनात आली. ती वैद्यबांधवांपुढे ठेवीत आहोत.

व्हिएतनाममधील सक्तीची व्यसनमुक्ती केंद्रे १९९३ च्या सरकारी ठरावाच्या क्रमांकावरून ‘०६ केंद्रे’ म्हणून ओळखली जात. तेथून सुटलेल्यांच्या मुलाखतींवर आधारित अहवाल ‘ह्यूमन राइट्स वॉच’ने २०११ साली प्रसिद्ध केला. पोलिसांनी पकडलेले वा घरच्यांनीच स्वाधीन केलेले हे लोक न्यायालयासमोर न नेताच काही वर्षे डांबले जात. व्यसन तुटतानाच्या वेदना ओसरल्या की दिनक्रम सुरू होई : कवायत, घोषणा आणि ‘श्रमचिकित्सा’, म्हणजे तासन्‌तास काजू फोडणे वा शिवणकाम. कामाचे प्रमाण ठरलेले असे. तुटपुंज्या मजुरीतून जेवणा-राहण्याचा खर्च कापला जाई. काम नाकारल्यास मारहाण किंवा कोठडी. एवढे सोसूनही अनेकजण सुटल्यावर पुन्हा व्यसनाकडे वळत.

मार्च २०१२ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या १२ संस्थांनी अशी केंद्रे बंद करण्याचे आवाहन केले. व्हिएतनामनेही २००८ मध्ये मेथाडोन-उपचार सुरू केले आणि २०१४ पासून सक्तीच्या दाखल्यासाठी न्यायालयाचा निर्णय आवश्यक केला.

हा प्रश्न परक्या देशापुरता नाही. ‘वैद्यराज, याला वर्षभर कोठेतरी कोंडून ठेवता येईल का?’ असे हताश पालक आम्हांलाही विचारतात. त्यांचा संताप आम्ही समजू शकतो. मात्र होकार देऊ शकत नाही. चरकाचार्यांनी सूत्रस्थानाच्या सातव्या अध्यायात अहितकर सवय पादांशिक क्रमाने सोडण्यास सांगितले आहे. त्यामागे रुग्णाचे सात्म्य जाणणारा वैद्य अभिप्रेत आहे, पहारेकरी नव्हे. अफूसारख्या व्यसनात तज्ज्ञांकडे वेळीच पाठविणे, हेही आपले कर्तव्यच.

औषधविक्रेत्या बंधूंना एक विनंती. अहिफेन आणि भल्लातक दोन्ही अनुसूची ई-१ मध्ये आहेत. कामिनी विद्रावण रसासारखा अहिफेनयुक्त कल्प वैद्याच्या चिठ्ठीविना देऊ नये. एकच ग्राहक तो वारंवार मागू लागल्यास त्याला दटावून परत पाठवू नये; जवळच्या वैद्याकडे न्यावे. तो स्वतःच्या पायांनी आत येईल, तर चिकित्सेची निम्मी वाट तेथेच सरते.